हिशेब मागणारे नामदार : गोपाळ कृष्ण गोखले

आगमन शताब्दीच्या या स्मरणिकेत आपण ज्यांची आठवण काढत आहोत, त्यांतील बहुतेकांची नावे इतिहासाच्या पुस्तकात सापडत नाहीत. करारनाम्यावर अंगठा उमटवून समुद्र ओलांडणाऱ्या माणसांची नावे राहिली ती जहाजांच्या याद्यांत आणि मळ्यांच्या हजेरीपटांत. या बिननावाच्या माणसांच्या वतीने एक मराठी माणूस हिंदुस्थानच्या सर्वोच्च कायदेमंडळात उभा राहिला आणि करारबद्ध मजुरीची पद्धतच बंद करावी अशी मागणी त्याने सरकारपुढे ठेवली. ते म्हणजे नामदार गोपाळ कृष्ण गोखले.

गोखल्यांना आपण ओळखतो ते महात्मा गांधींचे राजकीय गुरू आणि मवाळ पक्षाचे पुढारी म्हणून. पण आपल्यासारख्या, मजुरांच्या घरांत ज्यांची मुळे आहेत अशा लोकांना त्यांची आणखी एक ओळख असायला हवी. देशाची भरभराट होते आहे असे सरकार सांगे, तेव्हा त्या भरभराटीची किंमत कोण मोजतो आहे, असे गोखले विचारत. आणि तेही आकड्यांनिशी.

कोतळूक ते पुणे

गोपाळरावांचा जन्म ९ मे १८६६ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील गुहागर तालुक्यात, कोतळूक या गावी झाला. डोंगरउताराची थोडकी जमीन, चार महिने धो धो पाऊस आणि बाकीचे महिने पोटाची चिंता, असा तो मुलूख. कोकणातली तरुण पोरे मुंबईच्या गिरण्यांत आणि गोदीत कामाला जात आणि गावातल्या चुली त्यांच्या पैशावर पेटत. घर सोडून पोट भरायला जाणे म्हणजे काय, हे त्या मातीतल्या माणसाला वेगळे सांगावे लागत नसे.

वडील कृष्णराव कोल्हापूर संस्थानातील कागल येथे नोकरीला होते. १८७९ मध्ये ते वारले, तेव्हा गोपाळ तेरा वर्षांचा होता. थोरले भाऊ गोविंदराव यांनी शिक्षण सोडले आणि कागललाच पंधरा रुपये महिन्याची नोकरी धरली. त्यांतले आठ रुपये ते कोल्हापूरला शिकणाऱ्या धाकट्या भावाला पाठवीत आणि उरलेल्या सात रुपयांत सगळे घर चालवीत. पुढे कॉलेजच्या खर्चाचा प्रश्न आला तेव्हा वहिनींनी अंगावरचे दागिने काढून देण्याची तयारी दाखवली. हाताने स्वयंपाक करून आणि दिव्याचे तेलही जपून वापरून गोपाळरावांनी शिक्षण पूर्ण केले. कोल्हापूरचे राजाराम कॉलेज, पुण्याचे डेक्कन कॉलेज आणि मुंबईचे एल्फिन्स्टन कॉलेज असा प्रवास करून ते १८८४ मध्ये बी.ए. झाले.

एकाच्या पोटाला चिमटा बसतो तेव्हा दुसऱ्याचे शिक्षण होते, हा हिशेब त्यांनी घरातच पाहिला होता. पुढे देशाच्या अंदाजपत्रकाकडे पाहतानाही त्यांची नजर हीच राहिली.

गणिताचे मास्तर

१८८५ मध्ये ते पुण्याच्या न्यू इंग्लिश स्कूलमध्ये शिक्षक झाले आणि पुढच्या वर्षी डेक्कन एज्युकेशन सोसायटीचे आजीव सभासद. भरपूर पगाराच्या सरकारी नोकरीची वाट मोकळी असताना त्यांनी तुटपुंज्या वेतनावर शिकवणे पत्करले. फर्ग्युसन कॉलेजात त्यांनी गणित, इंग्रजी, इतिहास आणि अर्थशास्त्र असे पडेल ते विषय शिकवले. त्यांनी लिहिलेले अंकगणिताचे पुस्तक पुढे किती तरी वर्षे शाळांतून चालले.

याच काळात ते न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांच्या सहवासात आले. रानड्यांनी त्यांना सरकारी अहवाल कसे वाचायचे हे शिकवले. कोणता आकडा कशाखाली दडला आहे, कराचा बोजा शेवटी कोणाच्या डोक्यावर येतो, एका तक्त्यातली वाढ दुसऱ्या तक्त्यातल्या घटीशी कशी जोडलेली असते, हे सारे ते ताडून पाहत. आठवड्यामागून आठवडे ही शिकवणी चालली होती.

रानड्यांकडून त्यांना आणखी एक धडा मिळाला. दक्षिण आफ्रिकेत हिंदी लोकांवर होणाऱ्या अन्यायाविषयी रानडे एकदा बोलत होते. श्रोते संतापले होते. मग रानड्यांनी बोट श्रोत्यांकडेच वळवले आणि आपल्याच गावातल्या अस्पृश्यांना आपण कसे वागवतो, असे विचारले. गोखल्यांनी ही आठवण १९०३ मध्ये धारवाडच्या सामाजिक परिषदेत सांगितली आणि अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातींच्या उद्धाराचा ठराव मांडला. परदेशातल्या अपमानाची तक्रार करायची असेल तर घरातला अपमानही थांबवला पाहिजे, ही त्यांची भूमिका होती.

१८९७ मध्ये हिंदुस्थानच्या खर्चाची चौकशी करणाऱ्या वेल्बी कमिशनपुढे साक्ष देण्यासाठी ते लंडनला गेले. वय अवघे तीस-एकतीस. लष्करावर आणि गोऱ्या अधिकाऱ्यांवर होणारा खर्च रयतेच्या तोंडचा घास कसा काढतो, हे त्यांनी तिथे दाखवून दिले. त्याच मुक्कामात मात्र त्यांच्यावर कठीण प्रसंग ओढवला. पुण्यात प्लेगच्या बंदोबस्तासाठी नेमलेल्या गोऱ्या सोजिरांनी केलेल्या अत्याचारांची हकिगत त्यांना पत्रांनी कळली होती, आणि ती त्यांनी विलायतेत प्रसिद्ध केली. परत आल्यावर पुरावा द्यायला कोणी पुढे येईना. गोखल्यांनी जाहीर माफी मागितली आणि स्वकीयांचीही बोलणी खाल्ली. त्यानंतरच्या त्यांच्या भाषणांत हाताशी पुरावा नसलेले विधान सापडणे कठीण.

शिल्लक कोणाची?

१९०२ मध्ये ते व्हाइसरॉयच्या कायदेमंडळाचे सभासद झाले. १८९६-९७ आणि १८९९-१९०० या दोन भयंकर दुष्काळांनी देश खिळखिळा केला होता. तरीही सरकारच्या अंदाजपत्रकात मोठी शिल्लक दिसत होती आणि अर्थखाते ती समृद्धीची खूण मानत होते. गोखल्यांनी आपल्या पहिल्याच भाषणात या समजाला हात घातला. लोक उपाशी असताना तिजोरीत शिल्लक पडते, याचा अर्थ गरजेपेक्षा जास्त कर वसूल झाला, एवढाच होतो, असे त्यांनी दाखवून दिले.

मिठावरच्या कराचे उदाहरण ते पुन्हा पुन्हा देत. श्रीमंत आणि गरीब माणसाला मीठ सारखेच लागते. म्हणून हा कर सर्वांत जड पडतो तो मजुरावर. कर वाढला की गरिबाच्या जेवणातले आणि जनावरांच्या चाऱ्यातले मीठ कमी होते, हे त्यांनी खपाच्या आकड्यांवरून सिद्ध केले. त्या वेळी मणामागे अडीच रुपये असलेला हा कर १९०३ मध्ये दोन रुपये, १९०५ मध्ये दीड रुपया आणि १९०७ मध्ये एक रुपया झाला. या कपातीमागे गोखल्यांचा दरवर्षीचा धोशा होता. सत्तेत नसलेल्या, मतांत नेहमी हरणाऱ्या एका सभासदाने लाखो चुलींपर्यंत पोचवलेला हा दिलासा होता.

१२ जून १९०५ रोजी त्यांनी पुण्यात भारत सेवक समाजाची स्थापना केली. त्याच वर्षी ते बनारसच्या काँग्रेस अधिवेशनाचे अध्यक्ष झाले. १९११ मध्ये त्यांनी सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचे विधेयक मांडले. ते १९१२ मध्ये ३८ विरुद्ध १३ मतांनी फेटाळले गेले.

गिरमिटाचा हिशेब

आता आपल्या घरच्या विषयाकडे वळू. ब्रिटिश साम्राज्यात गुलामगिरी बंद करण्याचा कायदा १८३३ मध्ये झाला आणि मळेवाल्यांना स्वस्त मजुरांची टंचाई पडली. १८३४ पासून मॉरिशसच्या उसाच्या मळ्यांसाठी हिंदुस्थानातून कराराने माणसे नेण्यास सुरुवात झाली. पुढे ट्रिनिदाद, ब्रिटिश गियाना, नाताळ, फिजी असे मळ्यांचे मुलूख वाढत गेले. मलायात पेनांग आणि समोरच्या वेलस्ली प्रांतातल्या उसाच्या मळ्यांवरही हीच पद्धत होती. अ‍ॅग्रीमेंट या शब्दाचे मजुरांच्या तोंडी गिरमिट झाले आणि करारावर गेलेला तो गिरमिटिया.

साखर आणि रबर यांवर साम्राज्याची बंदरे भरभराटीला आली. या भरभराटीची जमेची बाजू सर्वांना दिसत होती. खर्चाची बाजू गोखल्यांनी उघडली.

पहिला घाव त्यांनी नाताळवर घातला. तिथे करार पाच वर्षांचा असे आणि पहिल्या वर्षी मजुरी महिना दहा शिलिंग. करार संपवून मजूर तिथेच स्वतंत्रपणे राहू लागला, तर १८९५ च्या कायद्याने त्याला वर्षाला तीन पौंड कर बसवला होता. तीन पौंड म्हणजे साठ शिलिंग, अर्थात सहा महिन्यांची मजुरी. पुढे हा कर सोळा वर्षांवरील मुलगा आणि तेरा वर्षांवरील मुलगी यांनाही लागू झाला. नवरा, बायको आणि दोन वयात आलेली मुले असलेल्या घराला वर्षाला बारा पौंड भरावे लागत. ते परवडत नसेल तर एक तर पुन्हा करारात अडकायचे, नाही तर देश सोडायचा. मजूर हवा, पण शेजारी म्हणून नको, असा त्या कायद्याचा सरळ अर्थ होता.

२५ फेब्रुवारी १९१० रोजी गोखल्यांनी नाताळसाठी होणारी मजूरभरती बंद करण्याचा ठराव कायदेमंडळात मांडला. तो मंजूर झाला आणि १ जुलै १९११ पासून नाताळची भरती थांबली.

मग ४ मार्च १९१२ रोजी त्यांनी सगळ्याच वसाहतींसाठीची करारबद्ध मजुरी बंद करा, असा ठराव आणला. अवघ्या दोन वर्षांपूर्वी विलायतेतल्या सँडरसन समितीने ही पद्धत एकंदरीत चालू ठेवण्यासारखी आहे असा अहवाल दिला होता. गोखल्यांनी त्याच अहवालातली आणि इतर सरकारी कागदांतली माहिती पुढे ठेवून एकेक मुद्दा मांडला. मजुराला आपण कुठे जात आहोत हे ठाऊक नसते. कराराची भाषा त्याला येत नाही. मालक निवडण्याची मुभा त्याला नसते. दलाल, ज्यांना उत्तरेत आरकाटी म्हणत, ते थापा मारून माणसे गोळा करतात. आणि सर्वांत वाईट म्हणजे, काम चुकले किंवा आजारपणात गैरहजेरी पडली तरी तो फौजदारी गुन्हा ठरतो आणि मजूर तुरुंगात जातो. देशात दोन माणसांमधला साधा करार मोडला तर दिवाणी दावा होतो. इथे मात्र एका बाजूला कोठडी होती. मळ्यांवरच्या आत्महत्यांचे प्रमाणही त्यांनी पुढे ठेवले.

स्त्रियांच्या स्थितीकडेही त्यांनी लक्ष वेधले. नियमाप्रमाणे शंभर पुरुषांमागे चाळीस स्त्रिया पाठवायच्या असत. ही संख्या भरण्यासाठी दलाल काय काय करत आणि त्या विषम वस्तीत बायकांच्या वाट्याला काय येई, हे त्यांनी संयमाने, पण काही न लपवता सांगितले. जी पद्धत कुटुंब मोडते ती मजुरीची सोय नव्हे, राष्ट्राचा अपमान आहे, असा त्यांचा निष्कर्ष होता.

मतदान झाले. हिंदी सभासदांची २२ मते ठरावाच्या बाजूने आणि ३३ मते विरोधात पडली. ठराव पडला. हे होईपर्यंत आपण दरवर्षी हा ठराव आणू, असे त्यांनी सभागृहाला बजावले.

दक्षिण आफ्रिकेत मराठीतून

२२ ऑक्टोबर १९१२ रोजी गोखले केप टाउनला उतरले. तब्येत ढासळलेली होती. मधुमेहाने शरीर पोखरले होते. तरीही गांधीजींच्या सोबतीने त्यांनी गावोगाव सभा घेतल्या, खाणीतल्या आणि मळ्यातल्या मजुरांची गाऱ्हाणी ऐकली.

या दौऱ्यातली एक गोष्ट आपल्या मराठी मंडळींनी लक्षात ठेवण्यासारखी आहे. जोहान्सबर्गमध्ये कोकणी मुसलमान आणि काही महाराष्ट्रीय हिंदू राहत. त्यांना गोखल्यांचे भाषण मराठीतून ऐकायचे होते. गांधीजींनी तशी विनंती केली आणि भाषांतर करण्याची जबाबदारी स्वतःकडे घेतली. गांधीजींच्या मराठीची थोडी थट्टा करून गोखल्यांनी ती मान्य केली. त्या दिवसापासून झांझिबार गाठेपर्यंत अशा सभांत ते मराठीतच बोलले. लंडनमध्ये मुत्सद्द्यांना इंग्रजीने जिंकणारा हा वक्ता परमुलखातल्या कष्टकऱ्यांशी त्यांच्या आणि आपल्या मायबोलीत बोलला.

प्रिटोरियात त्यांनी जनरल बोथा आणि जनरल स्मट्स यांची भेट घेतली. तीन पौंडांचा कर रद्द होईल असे आश्वासन मिळाल्याची त्यांची समजूत झाली. पुढे तिथल्या सरकारने ते नाकारले. मग १९१३ मध्ये नाताळमधले हजारो खाणमजूर आणि मळेमजूर संपावर गेले. इकडे गोखले आजारपणातही निधी गोळा करत होते, तारा पाठवत होते, आणि सी. एफ. अँड्र्यूज व विल्यम पिअर्सन यांना त्यांनी आफ्रिकेला जाण्यास प्रवृत्त केले. १९१४ मध्ये तीन पौंडांचा कर अखेर रद्द झाला.

१९ फेब्रुवारी १९१५ रोजी पुण्यात गोखल्यांचे देहावसान झाले. वय होते ४८. आयुष्यभर ज्यांच्याशी मतभेद राहिले ते लोकमान्य टिळक सिंहगडावरून अंत्ययात्रेला आले आणि त्यांनी गोपाळरावांना आदरांजली वाहिली.

गिरमिट बंद झालेले पाहायला गोपाळराव राहिले नाहीत. १९१६ मध्ये पंडित मदनमोहन मालवीयांनी तोच ठराव पुन्हा मांडला आणि या वेळी सरकारने तो स्वीकारला. मार्च १९१७ मध्ये भरती थांबली आणि १ जानेवारी १९२० रोजी शेवटच्या मजुरांचे करारही रद्द झाले.

मलाया आणि आपले गाव

मलायात करारबद्ध मजुरीची पद्धत १९१० मध्येच बंद झाली होती. पण तिची जागा कंगाणी पद्धतीने घेतली. मळ्यावरचा मुकादम आपल्या गावी जाऊन माणसे आणी, त्यांना उचल देई आणि ती उचल फिटेपर्यंत माणूस त्याच्या मुठीत राही. कागद गेला, कर्ज राहिले. गोखल्यांसारख्या माणसाने विचारलेला प्रश्न एका कायद्याने संपत नाही, हे यावरून कळते.

आपण राहतो त्या चोआ चू कांगचा इतिहासही याच जातीचा आहे. गावाच्या नावातच ओढ्याकाठी जंगल तोडून वसवलेल्या मळ्याची आणि चोआ आडनावाच्या मुखियाची आठवण आहे. एकोणिसाव्या शतकात इथे तेओचिऊ चिनी मजुरांनी गँबियर आणि मिरी पिकवली. गँबियर जमिनीचा कस लवकर खाऊन टाकी आणि त्याची पाने उकळायला भट्टीसाठी लाकूड अफाट लागे. जमीन दमली की मळा पुढे सरके. त्यांतले पुष्कळ मजूरही उचलीच्या कर्जातच आलेले असत. मग रबर, अननस, भाजीपाल्याचे मळे आणि डुकरे-कोंबड्या पाळणारे कांपोंग आले. १९८० नंतरच्या दशकात तेही हलवले गेले आणि गृहनिर्माण मंडळाच्या उंच इमारतींचे नवे नगर उभे राहिले.

या नगराने पुष्कळ दिले, हे नाकारण्याचे कारण नाही. नळाचे पाणी, पक्के घर, शाळा, १९९० पासून दारात आलेली एमआरटी, हे कांपोंगात नव्हते. पण ज्यांची शेती गेली, त्यांतल्या म्हाताऱ्यांना दहाव्या मजल्यावर करायला काम उरले नाही, हेही खरे. मेलेल्यांनाही जागा सोडावी लागते. चोआ चू कांगच्या दफनभूमीत १९९८ पासून पंधरा वर्षांचीच मुदत आहे, आणि २०१७ मध्ये तेंगा विमानतळाच्या विस्तारासाठी तिथल्या सुमारे ८०,००० चिनी आणि मुस्लिम कबरी हलवण्याचे जाहीर झाले. लहान बेटावर जागा थोडी, हे कारण समजण्यासारखे आहे. तरी ज्यांच्या आजोबांची कबर हलली, त्यांच्या खात्यावर तो खर्च पडला आहे, आणि तो लिहून ठेवायला हवा.

गोखले प्रगतीच्या विरोधात नव्हते. शाळा, रेल्वे, कारखाने त्यांना हवेच होते. त्यांचे म्हणणे एवढेच होते की, खातेवहीत जमेसमोर खर्चही मांडा आणि तो कोणी सोसला त्याचे नाव लिहा. आज या बेटावरच्या इमारती बांधणारे हात दुसऱ्या देशांतून मुदतीच्या परवान्यावर आलेले आहेत. त्यांतल्या कित्येकांनी दलालाला द्यायला गावाकडे कर्ज काढलेले असते. काम संपले की त्यांनी परत जायचे असते. आपल्या पणजोबांची गोष्ट सांगताना या माणसांकडे पाहून न पाहिल्यासारखे करणे आपल्याला शोभणार नाही. रानड्यांनी श्रोत्यांकडे वळवलेले बोट आपल्याकडेही वळू शकते.

२२ विरुद्ध ३३ मतांनी हरलेला तो ठराव आज आपल्या घराण्यांच्या इतिहासाचा भाग आहे. या शताब्दीनिमित्त घरातली जुनी कागदपत्रे, कबाल्यातली फोटोंची पाकिटे, आजीच्या तोंडून ऐकलेली गावांची आणि जहाजांची नावे एकत्र करून ठेवू या. हजेरीपटावर नुसता क्रमांक असलेल्या आपल्या माणसांचे नाव लिहिणे, ही गोपाळरावांना आपण वाहू शकतो अशी आदरांजली आहे.